छेदातील शून्य

मंडळी, नदीकाठी दोन गावे आहेत. एक वरच्या अंगाला, एक खालच्या. दोघांत पाण्याच्या वाटेने २४ किलोमीटरचे अंतर आहे. खालच्या गावाहून एक होडी वरच्या गावी निघाली आहे. स्थिर पाण्यात ही होडी ताशी ८ किलोमीटर चालते. पण आता तिला प्रवाहाच्या उलट जायचे आहे. प्रवाहाचा वेग ताशी २ किलोमीटर असेल, तर होडीच्या ८ तून ते २ वजा होतील, ६ उरतील, आणि २४ किलोमीटर जायला ४ तास लागतील. इथवर चौथीतल्या मुलालाही अडचण नाही.

आता पावसाळा येऊ द्या. प्रवाह ४ चा झाला, की ६ तास लागतात. ५ चा झाला, की ८ तास. ६ चा झाला, की १२ तास. ७ चा झाला, की पुरा एक दिवस आणि एक रात्र. साडेसातचा झाला, की दोन दिवस. आणि ७.९ चा झाला, तर २४० तास, म्हणजे दहा दिवस! होडीवाला वल्ही मारमारून थकतो आहे आणि काठावरचे तेच झाड तासन्‌तास समोर दिसते आहे. मग प्रवाह बरोबर ८ चा झाला म्हणजे? होडी जागच्या जागी. आता किती तास, हे विचारण्यात अर्थच उरत नाही. शंभर तास म्हणावे तर ते खोटे, लाख तास म्हणावे तरी ते खोटे. होडी पोचतच नाही.

प्रवाहाच्या वेगाला आपण क्ष म्हणू. मग लागणारा वेळ म्हणजे २४ भागिले (८ − क्ष). शाळेच्या वरच्या वर्गांत अशा राशीला परिमेय फल म्हणतात. नाव भारदस्त आहे, पण गोष्ट साधी आहे: वर अंशात एक बहुपदी, खाली छेदात एक बहुपदी. आणि क्षच्या जागी ज्या ज्या किमती घातल्या असता उत्तर मिळते, त्या सगळ्या किमतींचा मिळून त्या फलाचा प्रांत होतो. प्रांत हा शब्द मला फार आवडतो. खेड्यातल्या माणसाला प्रांतसाहेब माहीत असतात. त्यांचा हुकूम त्यांच्या तालुक्यांत चालतो, पलीकडच्या तालुक्यात चालत नाही. फलाचेही तसेच आहे. आपल्या होडीच्या फलाचा हुकूम ८ सोडून सगळ्या संख्यांवर चालतो. ८ वर मात्र चालत नाही.

हा प्रांत काढायची रीत इतकी आखूड आहे, की फळ्यावर तिला दोन ओळी पुरतात. छेद बरोबर शून्य मांडा, समीकरण सोडवा, जी उत्तरे येतील तेवढी वगळा. मुले रीत पाठ करतात, गुणही मिळवतात. पण एखादा पोरगा मागच्या बाकावरून विचारतो, "गुरुजी, शून्याने भागायचं का नाही?" आणि बहुधा त्याला उत्तर मिळते, "नाही म्हणजे नाही. नियम आहे." तो गप्प बसतो. गंमत अशी, की हाच प्रश्न थोरथोर गणित्यांनी विचारला, एकमेकांहून निराळी उत्तरे दिली, आणि हा वाद मिटायला बाराशे वर्षे लागली. त्यात आपल्या खानदेशाचा, वऱ्हाडाचा आणि कोकणाचाही हात आहे. म्हणून त्या पोराच्या वतीने आज ही हकीकत सांगायची आहे.

आधी अडचण नेमकी काय ती पाहू. भागाकार म्हणजे उलटा गुणाकार. १२ भागिले ३ किती, याचा अर्थ असा, की कोणत्या संख्येला ३ ने गुणले असता १२ येतात? चार. मग १२ भागिले शून्य किती? कोणत्या संख्येला शून्याने गुणले असता १२ येतील? अशी संख्याच नाही. शून्याने काहीही गुणा, शून्यच येते. आता शून्य भागिले शून्य पाहा. कोणत्या संख्येला शून्याने गुणले असता शून्य येईल? इथे सगळ्याच संख्या हात वर करतात. पाचही चालते, सातही चालते, हजारही चालतात. म्हणजे अडचणी दोन आहेत आणि त्या एकमेकींच्या उलट आहेत. पहिल्या ठिकाणी उमेदवारच नाही, दुसऱ्या ठिकाणी सगळेच उमेदवार आहेत. हा फरक ध्यानात ठेवा, पुढे लागणार आहे.

शून्याला संख्यांच्या पंक्तीत बसवून त्याच्या बेरीज-वजाबाकीचे, गुणाकार-भागाकाराचे नियम पद्धतशीर लिहिणारा पहिला मोठा ग्रंथकार म्हणजे ब्रह्मगुप्त. आजच्या राजस्थानातील भिनमाळ हे त्याचे गाव. शके ५५० मध्ये, म्हणजे इ. स. ६२८ मध्ये, वयाच्या तिसाव्या वर्षी त्याने ब्राह्मस्फुटसिद्धान्त लिहिला. धन आणि ऋण सारखे असतील तर त्यांची बेरीज शून्य, ऋणाला ऋणाने गुणले की धन, शून्याला कशानेही गुणले की शून्य, हे सगळे त्यात आहे आणि ते आजही तसेच शिकवले जाते. भागाकारापाशी येताच मात्र तो अडखळतो. शून्याला शून्याने भागले तर शून्य, असे तो सांगून टाकतो. सगळे उमेदवार हात वर करून उभे असताना त्याने एकाला निवडले, आणि का निवडले ते सांगितले नाही. आणि धन किंवा ऋण संख्येला शून्याने भागले तर? तिथे तो उत्तर काढत नाही. त्या राशीला "तच्छेद" म्हणतो, म्हणजे छेदात ते शून्य असलेली राशी, आणि अपूर्णांक तसाच ठेवून पुढे जातो. मला विचाराल तर हे तसेच ठेवणे त्याच्या पहिल्या उत्तरापेक्षा शहाणपणाचे होते. जे कळले नाही त्यावर त्याने निदान खूण करून ठेवली.

पुढे इ. स. ८५० च्या सुमारास राष्ट्रकूट राजा अमोघवर्ष याच्या काळात महावीर नावाचा जैन गणिती झाला. त्याच्या गणितसारसंग्रहात म्हटले आहे, की संख्येला शून्याने भागले असता ती बदलत नाही, आहे तशीच राहते. वरवर पाहता हे चूकच आहे. १२ भागिले शून्य जर १२, तर १२ गुणिले शून्य १२ व्हायला हवेत. पण त्याच ग्रंथात शून्याने गुणलेले शून्य होते. तरी त्याच्या मनात काय असेल याची कल्पना करता येते. कणगीत धान्य आहे. रिकामी पायली आत घातली, रिकामीच बाहेर काढली. दहादा काढली, शंभरदा काढली. धान्य किती उरले? होते तेवढेच. महावीराने बहुधा उरलेले धान्य मोजले. भागाकार मात्र पायल्या किती वेळा भरल्या ते विचारतो, आणि तो आकडा कधी पुरा व्हायचा नाही. प्रश्न एक आणि उत्तर दुसऱ्याचे, असा हा प्रकार झाला.

आता भास्कराचार्य. शके १०३६ मध्ये, म्हणजे इ. स. १११४ मध्ये जन्म, आणि छत्तिसाव्या वर्षी, ११५० मध्ये, सिद्धान्तशिरोमणी हा ग्रंथ पुरा. लीलावती आणि बीजगणित हे त्याचेच दोन भाग. सह्याद्रीच्या आश्रयाला असलेले विज्जडविड हे आपले गाव असे ते सांगतात. ते गाव नेमके कोणते यावर विद्वानांत एकमत नाही. तो वाद आज नको. पण खानदेशाशी या घराण्याचा संबंध पक्का आहे. चाळीसगावजवळ पाटणे म्हणून गाव आहे. तिथल्या देवीच्या देवळात एक शिलालेख सापडला. डॉक्टर भाऊ दाजी लाड यांनी १८६५ मध्ये तो प्रसिद्ध केला. भास्कराचार्यांचा नातू चांगदेव हा यादव राजा सिंघण याचा ज्योतिषी होता. आजोबांचे ग्रंथ शिकवले जावेत म्हणून त्याने तिथे मठ काढला, आणि त्या मठाला निकुंभ घराण्यातल्या सोइदेवाने १२०७ च्या सुमारास दाने दिली, असे त्या लेखात आहे. लेखाचा मोठा भाग संस्कृतात असून दानाचा तपशील शेवटी जुन्या मराठीत आहे. पुस्तकातले पुस्तकात, व्यवहाराचे मराठीत! शिक्षक मंडळींनी एकदा मुलांना घेऊन तिथे जावे. डोंगराच्या कुशीतली जागा आहे. पावसाळ्यानंतर तर पाहतच राहावी.

भास्कराचार्यांनी शून्य छेद असलेल्या राशीला खहर हे नाव दिले. ख म्हणजे आकाश, म्हणजेच शून्य. हर म्हणजे भाजक. बीजगणितात ते म्हणतात, की या खहर राशीत काहीही मिळवा किंवा तिच्यातून काहीही काढा, तिच्यात फरक पडत नाही. आणि उपमा देतात अनंत अच्युताची: सृष्टीच्या वेळी असंख्य जीव त्याच्यातून बाहेर पडतात, प्रलयाच्या वेळी त्याच्यात शिरतात, तरी तो आहे तसाच असतो. या उपमेने आपल्याकडे कैकजणांना भुरळ पडली आहे, आणि अनंताचे सगळे गणित भास्कराचार्यांनी सांगून ठेवले आहे असे व्यासपीठावरून ऐकू येते. मला ही स्तुती खोटी वाटते, आणि त्यांच्या मोठेपणाला तिची गरजही नाही. उपमा सुंदर आहे. पण तिने १२ भागिले शून्य यालाही एक ठाम राशी मानले जाते, आणि तिथेच गाडी रुळावरून घसरते. १२ भागिले शून्य आणि १७ भागिले शून्य या दोन्ही सारख्याच म्हटल्या, आणि मग शून्याने गुणून परत यायचे ठरवले, तर १२ ला परतायचे की १७ ला?

त्यांचा खरा मोठेपणा पाहायचा तर लीलावतीतले एक छोटे गणित पाहावे लागते. पुस्तकांत त्याचा उल्लेख क्वचित येतो, आणि आला तरी चूक म्हणून येतो. गणित असे आहे. एका संख्येला शून्याने गुणले. आलेल्यात त्याचेच अर्धे मिळवले. त्याला ३ ने गुणले. शेवटी शून्याने भागले. उत्तर आले ६३. तर ती संख्या कोणती?

आजचा विद्यार्थी म्हणेल, हे काय भलतेच? शून्याने गुणले की शून्य झाले. त्यात अर्धे मिळवा, तिप्पट करा, शून्यच. आणि मग शून्य भागिले शून्य. त्रेसष्ट आले कुठून? भास्कराचार्य मात्र उत्तर देतात: १४. आणि त्यांची रीत अशी. पुढे अजून काही क्रिया व्हायच्या असतील तर शून्याने गुणलेल्या राशीचे लगेच शून्य करून टाकू नका. तिला "खगुण" म्हणून, शून्याचे लेबल लावून, बाजूला ठेवा. पुढे शून्यानेच भागायची वेळ आली, की गुणणारे शून्य आणि भागणारे शून्य दोन्ही उडवा. मूळ राशी जशीच्या तशी हाती येते. म्हणजे संख्या अधिक तिचे अर्धे, दीडपट. त्याची तिप्पट, साडेचारपट. साडेचारपट म्हणजे ६३, तर संख्या १४. वर ते असेही सांगतात, की या प्रकारच्या गणिताचा ग्रहगणितात फार उपयोग होतो.

आता या ठिकाणी थोडे थांबा आणि शून्याच्या जागी त हे अक्षर घाला. त म्हणजे एक बारीकशी संख्या. पाव घ्या, शतांश घ्या, लक्षांश घ्या. चौदाला त ने गुणा, त्याचे अर्धे मिळवा, तिप्पट करा, त ने भागा. पडताळा घेऊन पाहा: १४ ची पाव म्हणजे साडेतीन, अर्धे मिळवले, सव्वापाच, तिप्पट केली, पावणेसोळा, पावने भागले, त्रेसष्ट! त कितीही लहान घ्या, उत्तर ६३ च. लक्षांश घेतला तरी ६३, कोट्यंश घेतला तरी ६३. फक्त त शून्यच झाला, की राशीला काही अर्थ उरत नाही. पण त्याच्या अगदी दारापर्यंत जाईस्तोवर उत्तर जराही हलत नाही. ग्रहगणितात क्षणोक्षणी बदलणारी ग्रहाची गती काढायची असते. तिथे फार लहान काळात झालेली फार लहान वाटचाल त्या लहान काळाने भागावी लागते. वर लहान, खाली लहान. भास्कराचार्यांच्या हाती ही खरी जिन्नस लागली होती, असे माझे मत आहे. तिला नाव देताना त्यांनी ती शून्याच्या खाती टाकली, एवढेच.

आणि ती शून्याच्या खाती टाकल्यावर धोका काय, तेही पाहा. पाच गुणिले शून्य म्हणजे शून्य. सात गुणिले शून्य म्हणजेही शून्य. दोन्ही शून्ये एकच. मग शून्याने भागून पाच परत मिळत असतील, तर त्याच शून्यातून सातही परत मिळतील. म्हणजे पाच बरोबर सात! लेबल पुसले गेले, की कुठले शून्य कुठून आले ते कोणी सांगायचे? भास्कराचार्यांना हे लेबल जपले पाहिजे याची जाण होती, म्हणून तर त्यांनी खगुण हा शब्द योजला. पण लेबल जपणे हा गणिताचा नियम झाला नाही, गणित करणाऱ्याची खबरदारी झाली.

त्यांच्या ग्रंथांवर पुढे टीकाकारांची रांग लागली. कोकणात मुरूडजवळ नांदगावला गणेश दैवज्ञ होऊन गेले. ग्रहलाघव लिहिणारे तेच. त्यांनी १५४५ मध्ये लीलावतीवर बुद्धिविलासिनी ही टीका रचली. आणि बीजगणितावर इ. स. १६०० च्या सुमारास टीका लिहिली कृष्ण दैवज्ञांनी. त्यांचे घराणे मूळचे विदर्भातल्या पयोष्णीकाठच्या दधिग्रामाचे, पुढे काशीला गेलेले. कृष्ण दैवज्ञ शून्याने भागण्याचे कारण असे उलगडतात: भाज्य तेच ठेवून भाजक कमी कमी करत जा, भागाकार वाढत वाढत जातो. भाजक अगदीच नाहीसा झाला, की भागाकार इतका म्हणून सांगताच येत नाही. कारण अमुक इतका म्हटले, की त्याहून मोठा असू शकतो. आपल्या होडीचीच ही हकीकत नाही का?

त्यांनी उदाहरण मात्र होडीचे घेतले नाही, सावलीचे घेतले, आणि ते तर फारच नामी आहे. अंगणात वीतभर, म्हणजे १२ अंगुळांची काठी उभी करा. सूर्य क्षितिजापासून ४५ अंश वर असताना तिची सावली १२ अंगुळेच पडते. सूर्य ५ अंशांवर असताना ती सुमारे १३७ अंगुळे होते. एका अंशावर असताना सुमारे ६८७ अंगुळे. चोवीस अंगुळांचा हात धरला तर वीतभर काठीची सावली साडेअठ्ठावीस हात! आणि सूर्य ऐन क्षितिजावर टेकलेला असताना? सावलीचे टोक कुठेच नाही. सावली काढायचा सूत्रात भाजक असतो सूर्याच्या उंचीची ज्या, आणि उंची शून्य झाली की ती ज्याही शून्य. त्रिज्या १२० धरून कृष्ण दैवज्ञ १, २, ३ आणि ४ अशा उंचीच्या काठ्या घेतात. सूत्राने उत्तरे येतात १२० भागिले शून्य, २४० भागिले शून्य, ३६० भागिले शून्य, ४८० भागिले शून्य. आकडे वेगळे दिसतात, पण सावल्या सगळ्याच बेअंत. त्यांत लहानमोठे काही नाही, असा त्यांचा निष्कर्ष.

याच्या शेजारी युरोपातला एक मोठा माणूस उभा करू. लिओनार्ड ऑयलर. त्याच्याइतके गणित क्वचितच कोणी लिहिले असेल. दृष्टी गेल्यावर दुसऱ्याकडून लिहवून घेतलेले त्याचे जर्मन बीजगणित १७७० मध्ये निघाले. त्यात तो म्हणतो, एक भागिले शून्य ही अनंत मोठी राशी आहे. आणि दोन भागिले शून्य ही तिच्या दुप्पट! म्हणजे कृष्ण दैवज्ञ म्हणतात दोन्ही सारख्याच, ऑयलर म्हणतो एक दुसरीच्या दुप्पट. निवाडा कोणाच्या बाजूने द्यायचा? आजचे बीजगणित दोघांनाही नम्रपणे सांगते, की महाराज, मुळात या संख्याच नव्हेत. मग सारख्या काय आणि दुप्पट काय? थोरांचे मतभेद एवढे टोकाला गेले, की समजावे, प्रश्नच नीट मांडलेला नाही.

युरोपात यावर बोट ठेवले ते एका धर्मोपदेशकाने. न्यूटनच्या अनुयायांची रीत साधारण अशी होती. ३ चा वर्ग ९. तीनात त मिळवून वर्ग करा, त्यातून ९ वजा करा, आणि बाकीला त ने भागा. ६ अधिक त उरतात. मग म्हणायचे, आता त शून्य, उत्तर ६. आयर्लंडचा जॉर्ज बर्कली याने १७३४ मध्ये एक पुस्तक लिहून विचारले: भागताना त शून्य नव्हता म्हणून भागू दिले, भागून झाल्यावर तोच त शून्य झाला म्हणता. असे दोन्हीकडून जेवता कसे येईल? बर्कलीचा रोख धर्मावर शंका घेणाऱ्या पंडितांवर होता, गणित सुधारावे असा त्याचा हेतू नसावा. पण प्रश्न चोख होता. त्रेसष्टच्या गणितालाही तो जसाच्या तसा लागू पडतो.

उत्तर यायला आणखी शंभर वर्षे गेली. पॅरिसच्या कोशीने १८२१ च्या पाठ्यपुस्तकात सीमेची कल्पना पक्की केली: त शून्याकडे जातो, शून्य होत नाही. जर्मनीत मार्टिन ओम याने १८२८ मध्ये लिहिले, की भाजक शून्य असेल तर भागाकाराला अर्थ नाही. विजेच्या रोधाच्या एककाला ज्याचे नाव आहे, त्या ओमचा हा धाकटा भाऊ. आणि १८३७ मध्ये डिरिख्ले याने फल म्हणजे काय ते नव्याने सांगितले: ठराविक टापूतल्या प्रत्येक क्षला एक किंमत नेमून देणे म्हणजे फल. सूत्र कसे दिसते हे दुय्यम झाले. टापू कोणता, म्हणजे प्रांत कोणता, हे फलाच्या व्याख्येतच आले. तोवर विचारत होते, शून्याने भागले की काय येते? आता विचारू लागले, हे सूत्र कोणत्या संख्यांसाठी लिहिले आहे? वाद जिंकून नव्हे, प्रश्न बदलून मिटला.

हा नुसता पंडिती काथ्याकूट आहे असे कोणाला वाटेल, म्हणून एक अलीकडची गोष्ट. सप्टेंबर १९९७ मध्ये अमेरिकेच्या नौदलाचे यॉर्कटाउन हे लढाऊ जहाज समुद्रात होते. त्याचा कारभार संगणकांवर चाले. एका खलाशाने माहितीच्या एका रकान्यात शून्य भरले. कार्यक्रम त्या शून्याने भागायला गेला, कोलमडला, आणि त्याच्यापाठोपाठ जहाजावरची सगळी संगणकांची जोडणी कोलमडली. एवढे मोठे जहाज दोन तासांहून अधिक वेळ पाण्यावर नुसते तरंगत राहिले. त्या रकान्यात शून्य चालणार नाही, एवढा पहारा कोणी बसवला नव्हता.

आता शिक्षक मंडळींसाठी चार शब्द, कारण वर्गात गोंधळ कुठे होतो ते तुम्हालाच माहीत. पहिला गोंधळ अंशाचा. अंश शून्य झाला तर काही बिघडत नाही. (क्ष + १) भागिले (क्षवर्ग − ५क्ष + ६) हे फल घ्या. छेदाचे अवयव पाडले, (क्ष − २) आणि (क्ष − ३). म्हणून २ आणि ३ वगळायचे. पुष्कळ मुले उत्साहाच्या भरात उणे १ सुद्धा वगळतात. कशाला? तिथे फलाची किंमत शून्य येते, आणि शून्य ही चांगली कुलीन संख्या आहे. उलट छेद क्षवर्ग + १ असेल, तर मुले काहीतरी वगळलेच पाहिजे म्हणून अडून बसतात. वास्तव संख्यांत क्षवर्ग + १ कधी शून्य होत नाही; तिथे वगळायचे काहीच नाही. सगळा मुलूख आपला.

दुसरा गोंधळ व्यवहाराचा. होडीच्या फलात क्ष १० घातला तर उत्तर उणे १२ तास येते. बीजगणिताची याला हरकत नाही. छेद शून्य नाही ना, मग झाले. पण नदीची हरकत आहे. प्रवाह १० चा असेल तर होडी मागे वाहत जाईल, वरच्या गावाला पोचणार नाही. म्हणून सूत्राचा प्रांत ८ सोडून सगळ्या संख्या, आणि होडीचा प्रांत शून्यापासून ८ च्या आतपर्यंत. प्रश्नात नदी असेल तर नदीला विचारा, नुसते सूत्र असेल तर सूत्राला.

तिसरा गोंधळ सगळ्यांत खोल, आणि त्याचे मूळ थेट लीलावतीत. (क्षवर्ग − ९) भागिले (क्ष − ३). मुलगा अवयव पाडतो, वरचा आणि खालचा (क्ष − ३) उडवतो, उरते क्ष + ३. मग म्हणतो, छेदच उरला नाही, सगळ्या संख्या चालतात. चालत नाहीत! २.९ घाला, ५.९ येतात; ३.१ घाला, ६.१ येतात, दोन्ही बाजूंनी ६ कडे रस्ता येतो, पण ऐन ३ वर रस्त्यात एक कण निघालेला आहे. (क्ष − ३) उडवला तेव्हाच आपण मनात धरले, की क्ष ३ नाही. ती अट लिहून ठेवली नाही तर ती पुसली जाते. म्हणून प्रांत आधी काढावा, अवयव मागाहून उडवावेत. होडीच्या ८ ला आणि या ३ ला मुले एकाच माळेत ओवतात. पण होडीच्या ठिकाणी किमती आकाशाला भिडतात आणि इथे शांतपणे ६ कडे जातात. आपण आरंभी पाहिलेल्या दोन अडचणी त्या याच. पहिलीत अंश शून्य नसतो, दुसरीत अंश आणि छेद दोन्ही शून्य होतात.

उद्या वर्गात मुलांना भास्कराचार्यांचे त्रेसष्टचे गणित त घालून फळ्यावर लिहून द्या आणि दोन प्रश्न विचारा: संख्या कोणती, आणि त कोणकोणता चालेल? पहिल्याचे उत्तर लीलावतीत ११५० पासून लिहिलेले आहे. दुसऱ्याचे उत्तर, शून्य सोडून कोणताही, हे मागच्या बाकावरच्या त्या पोराकडून येते का ते पाहा.